भोंगा कुणाचाही असो

भोंग्याचा विषय निघाला की वस्तीत चर्चा लगेच जातीवर आणि धर्मावर जाते. "त्यांचा चालतो, मग आमचाच का चालत नाही?" हा प्रश्न खोटा नाही. पण बंधू-भगिनींनो, त्याचे उत्तर भांडणात नाही, कायद्यात आहे. तो कायदा घरातल्या आयाबहिणींनाही ठाऊक हवा. कारण आवाजाने झोप मोडते ती तान्ह्या बाळाची, आजारी म्हाताऱ्या माणसाची, पहाटे कामावर जाणाऱ्याची आणि दहावीच्या पोराची.

वरवे बुद्रुकसारखे गाव घ्या. भोर तालुक्यातले, पुणे-सातारा महामार्गालगतचे. गाड्यांची घरघर अशा गावांना रोजचीच. ती आपल्या हातात नाही. पण काकड्याचा, सप्ताहाचा, अजानचा, वंदनेचा किंवा जयंतीचा भोंगा माणूसच लावतो, म्हणून त्याचा आवाजही माणूसच कमी करू शकतो.

केंद्र सरकारने २००० साली ध्वनिप्रदूषणाचे नियम केले. लेखी परवानगीशिवाय ध्वनिक्षेपक लावता येत नाही. रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर तो बंद ठेवावा लागतो. राहत्या वस्तीत दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. आकडा दहाने वाढला तर थोडेसेच वाढले असे समजू नका. आवाजाची तीव्रता दहापट होते. सणासमारंभासाठी वर्षातून जास्तीत जास्त १५ दिवस शासन रात्री १२ पर्यंत सवलत देऊ शकते. ही सवलत वेळेची आहे, आवाजाची नाही.

मद्रासच्या एका चर्चच्या खटल्यात २००० साली सर्वोच्च न्यायालयाने बजावले की, दुसऱ्याची शांतता मोडून प्रार्थना करा असे कोणताच धर्म सांगत नाही. मुंबईत कुर्ल्याच्या नेहरूनगरातील रहिवासी उच्च न्यायालयात गेले. २३ जानेवारी २०२५ रोजी निकाल लागला: ध्वनिक्षेपक हा कोणत्याही धर्माचा आवश्यक भाग नाही. पोलिसांनी आधी समज द्यावी, पुन्हा तक्रार आली तर दंड करावा, तरीही ऐकले नाही तर भोंगा जप्त करावा. तक्रार करणाऱ्याचे नाव उघड करू नये, असेही न्यायालयाने सांगितले. गावात चार घरे असलेल्या आपल्या माणसाला हा केवढा आधार आहे! तक्रार केली म्हणून उद्या पाणवठ्यावर कुणी अडवील, ही भीती त्याने कमी होते.

बाबासाहेबांच्या अध्यक्षतेखालील समितीने मसुदा केलेल्या संविधानात २५ वे कलम धर्मस्वातंत्र्य देते. पण ते सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता आणि आरोग्य यांच्या अधीन राहून. शेजाऱ्याचे आरोग्य बिघडवण्याचा हक्क त्यात कुणालाच नाही. देवळाला नाही, मशिदीला नाही, विहारालाही नाही.

म्हणून सुरुवात आपल्या घरापासून करू या. त्रिशरण-पंचशील माइकशिवायही म्हणता येते. जयंतीच्या मंडळाने परवानगीचा कागद आधी काढावा. आपल्या जिल्ह्यात रात्री १२ पर्यंतची सवलत कोणत्या दिवसांना आहे, हे विचारून घ्यावे. वस्तीत बाळंतीण किंवा आजारी माणूस असेल तर मिरवणुकीने तिथून पुढे जाताना आवाज उतरवावा. डीजेच्या भाड्यातून वाचलेल्या पैशांत मुलांच्या वह्या-पुस्तकांची सोय होते, हा हिशेबही मंडळाच्या बैठकीत मांडावा.

आपला कागद हातात असला आणि आवाज मर्यादेत असला, की "कायदा सर्वांना सारखा लावा" हे पोलीस ठाण्यात ताठ मानेने सांगता येते. दुसऱ्याच्या भोंग्याविरुद्ध तक्रार करायची वेळ आली तर हातघाईवर येऊ नका. ११२ क्रमांकावर फोन करा किंवा लेखी अर्ज द्या आणि त्याची पोच घ्या.

जयभीम!