मर्लिनची दाढी आणि मूळ कथेचा हट्ट

बीबीसी वन या ब्रिटिश वाहिनीवर २० सप्टेंबर २००८ रोजी ‘मर्लिन’ ही मालिका सुरू झाली आणि २४ डिसेंबर २०१२ रोजी संपली. पाच पर्वे, प्रत्येकी १३ भाग, एकूण ६५. घरातल्या आजीपासून नातवापर्यंत सगळ्यांनी एकत्र बसून पाहावे, अशी संध्याकाळची वेळ तिच्यासाठी राखलेली होती. कथा राजा आर्थरच्या दंतकथेची, पण मांडणी वेगळी. खेड्यातून आलेला मर्लिन हा पोरसवदा मुलगा कॅमलॉटमध्ये राजवैद्य गायसकडे राहतो आणि राजपुत्र आर्थरचा नोकर होतो. जादू त्याच्या अंगात जन्मापासून आहे. राजा युथरने मात्र जादूवर बंदी घातली असून तिची शिक्षा मृत्यू आहे. मर्लिन ही विद्या लपवतो आणि तिच्याच बळावर त्याच राजाच्या मुलाचा जीव वाचवत राहतो. किल्ल्याखालच्या गुहेत साखळदंडाने जखडलेला एक ड्रॅगन त्याला भविष्य सांगतो. मर्लिन झाला होता कॉलिन मॉर्गन, आर्थर ब्रॅडली जेम्स, आणि ड्रॅगनला आवाज होता जॉन हर्ट यांचा.

या मालिकेवर एक आक्षेप मोठ्या आवेशाने घेतला जातो आणि मराठीतही तो उसना आणून मिरवला जातो. तो असा: मर्लिन हा पांढऱ्या दाढीचा, त्रिकालज्ञ, आर्थरचा गुरू. त्याला बूट पुसणारा पोरगा केले. ग्विनेव्हिअर ही थोर घराण्यातली राणी. तिला लोहाराची मुलगी केले आणि भूमिकेला सावळी अभिनेत्री निवडली. युथर लवकर मरतो. त्याला वर्षानुवर्षे जिवंत ठेवले. व्यभिचार, रक्तसंबंधातले पाप, सूड हे सगळे गाळून मुलांसाठी गुळगुळीत गोष्ट केली. थोडक्यात, अभिजात दंतकथा विटाळली. या मताचा सगळा भार ‘मूळ कथा’ या कल्पनेवर आहे. ती कोणत्या पुस्तकात आहे, हे मात्र आक्षेपक कधी सांगत नाही, कारण सांगू लागला तर पहिल्याच पानावर अडकेल.

आर्थरचे नाव ठळकपणे भेटते ते सुमारे ८३० मध्ये लॅटिनमध्ये लिहिलेल्या ‘हिस्टोरिया ब्रिटोनम’ या ग्रंथात. तिथे तो राजा नाही. राजांच्या बरोबरीने लढणारा सेनानायक आहे, बारा लढाया जिंकणारा, आणि बॅडनच्या लढाईत एकाच चढाईत ९६० माणसे लोळवणारा. कॅमलॉट नाही, गोलमेज नाही, लॅन्सलॉट नाही, ग्रेल हे पवित्र पात्र नाही. मर्लिनही नाही. जेफ्री ऑफ मॉनमथ याने सुमारे ११३६ मध्ये ब्रिटनच्या राजांचा ‘इतिहास’ लिहिला, तेव्हा आर्थर सम्राटाच्या तोलाचा राजा झाला. गोलमेज ११५५ मध्ये वेस या कवीने आणली. लॅन्सलॉट आणि राणीचे प्रेम क्रेतिएँ द त्र्वा या फ्रेंच कवीने बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात रचले. कॅमलॉटचा पहिला उल्लेखही त्याचाच. जेफ्रीच्या ग्रंथात राणीला फितवणारा लॅन्सलॉट नसून आर्थरचा भाचा मॉर्ड्रेड आहे. दगडातून उपसलेली तलवार त्यानंतरची, १२०० च्या आसपासची, रॉबेर द बोराँ या फ्रेंच कवीची. हे सगळे धागे एकत्र विणून थॉमस मॅलरीने आपला ग्रंथ सुमारे १४७० मध्ये पूर्ण केला आणि विल्यम कॅक्स्टनने तो १४८५ मध्ये छापला. मॅलरी हीच मूळ कथा मानायची, तर तिच्याआधीची सुमारे साडेसहाशे वर्षे कचऱ्यात टाकावी लागतील. आणि जेफ्री मूळ मानायचा, तर लॅन्सलॉट, ग्रेल आणि कॅमलॉट हे सगळेच प्रक्षिप्त ठरते. दोन्हीपैकी एक निवडायला आक्षेपक तयार नसतो.

दाढीचा मुद्दा सविस्तर घ्यायला हवा, कारण सर्वांत जास्त आरडाओरडा त्यावरच होतो आणि तोच सर्वांत पोकळ आहे. जेफ्रीच्या ग्रंथात मर्लिनचा प्रवेश होतो तो म्हातारा म्हणून नव्हे, तर मुलगा म्हणून. व्होर्टिगर्न राजा वेल्समध्ये एक बुरूज बांधत असतो. दिवसा रचलेला पाया रात्रीत जमिनीत गडप होतो. राजाचे मांत्रिक सांगतात, बिनबापाचा मुलगा शोधा आणि त्याचे रक्त चुन्यात मिसळा. दूत कारमार्थनला पोहोचतात. तिथे दोन मुले भांडत असतात, आणि एक दुसऱ्याला हिणवते की तुझा बाप कोण हे कोणालाच ठाऊक नाही. तो हिणवला गेलेला मुलगा म्हणजे मर्लिन. राजासमोर उभा करताच तो मांत्रिकांना खोटे पाडतो. बुरुजाखाली पाण्याचे तळे आहे आणि त्यात दोन ड्रॅगन झोपले आहेत, असे तो सांगतो. खणल्यावर एक पांढरा आणि एक तांबडा असे दोन ड्रॅगन निघतात आणि लढू लागतात. मुलगा त्या लढाईचा अर्थ ब्रिटनच्या भविष्याशी जोडतो. हीच घटना ‘हिस्टोरिया ब्रिटोनम’मध्ये तीनशे वर्षे आधी येते, फक्त तिथे मुलाचे नाव अ‍ॅम्ब्रोसियस आहे. जेफ्रीने त्या मुलावर वेल्श परंपरेतल्या रानात भटकणाऱ्या वेड्या कवीचे, मर्दिनचे, कलम केले.

आता मालिकेकडे पाहावे. बापाविना वाढलेला मुलगा. जिवावर उठलेला राजा. इमारतीच्या पोटात ड्रॅगन. ड्रॅगनच्या तोंडी भविष्य. मुलाच्या बापाचा, बॅलिनॉरचा, पत्ता दुसऱ्या पर्वात लागतो, आणि तो ड्रॅगनांवर हुकमत असलेल्या वंशातला शेवटचा पुरुष निघतो. चौथ्या पर्वात अंड्यातून पांढरा ड्रॅगनही बाहेर येतो. ज्या मालिकेला ‘मूळ सोडून भरकटलेली’ म्हटले जाते, तिने मर्लिनच्या सर्वांत जुन्या कथेतला जवळजवळ प्रत्येक दुवा उचलून नव्याने बसवला आहे. पांढरी दाढी, उंच टोपी, तऱ्हेवाईक शिक्षक हे चित्र पक्के झाले ते टी. एच. व्हाइटच्या १९३८ च्या कादंबरीने आणि तिच्यावरून डिस्नेने १९६३ मध्ये काढलेल्या व्यंगचित्रपटाने. लहानपणी पाहिलेला चित्रपट म्हणजे परंपरा, अशी ही समजूत आहे. तिच्यावर उभे राहून दुसऱ्याला अज्ञानी ठरवणे हा उद्धटपणा आहे.

मर्लिन हा आर्थरचा गुरू, हेही जेफ्रीत नाही. त्याच्या ग्रंथात मर्लिन युथरचे रूप पालटून त्याला टिंटाजेलच्या किल्ल्यात दुसऱ्याच्या पत्नीपाशी, इग्रेनपाशी, पोहोचवतो, त्यातून आर्थरचा जन्म होतो, आणि मर्लिन कथेतून निघून जातो. दोघांची भेटही होत नाही. ज्या गुरुशिष्य नात्याचा भंग झाला म्हणून गळा काढला जातो, ते नाते नंतरच्या फ्रेंच लेखकांनी घडवलेले आहे.

ही तक्रार नवीही नाही. जेफ्रीनंतर साठेक वर्षांतच विल्यम ऑफ न्यूबर्ग या यॉर्कशरमधल्या धर्मोपदेशकाने त्याच्यावर हल्ला चढवला होता: हा इतिहास नाही, रचलेली थापेबाजी आहे. इतिहासकार म्हणून विल्यमचे बरोबर होते. पण जेफ्रीचे आख्यान त्या टीकेने थांबले नाही, कारण लोक त्यात इतिहास शोधत नव्हते. मराठीतही पौराणिक नाटक आणि कादंबरी यांवर हाच वाद पिढ्यान्‌पिढ्या झाला. कर्णाच्या किंवा ययातीच्या तोंडी नवे मन घातले की महाभारताचा अवमान झाला, असे म्हणणारे तेव्हाही होते. त्यांना महाभारताच्या वेगवेगळ्या पाठांची यादी समोर ठेवली की वाद तिथेच विरायचा, आणि पुढच्या नाटकाच्या वेळी जणू काही झालेच नाही अशा थाटात पुन्हा उभा राहायचा. आर्थरच्या बाबतीतही तसेच घडते आहे.

बाकीचे आक्षेप थोडक्यात आटोपतात. ग्विनेव्हिअरच्या वर्णाचा मुद्दा काढणाऱ्याने तेराव्या शतकातले डच काव्य ‘मोरियेन’ पाहावे. त्याचा कृष्णवर्णी नायक आर्थरच्याच एका सरदाराचा मुलगा आहे. व्होल्फ्राम फॉन एशेनबाखच्या ‘पार्त्सिफाल’मध्ये नायकाच्या सावत्र भावाची कातडी काळीपांढरी आहे, आणि मॅलरीचा पॅलोमिडीस हा सारासेन, म्हणजे मुस्लिम, आहे. मध्ययुगीन कवींना जे खटकले नाही ते एकविसाव्या शतकात खटकावे, याचे कारण दंतकथेत शोधून सापडणार नाही. काळाचा मेळ नाही म्हणावे, तर मॅलरीचा मॉर्ड्रेड लंडनच्या टॉवरला वेढा घालून तोफा डागतो. किल्ला खरा वाटत नाही म्हणावे, तर पडद्यावर दिसणारा पियरफाँचा फ्रेंच किल्ला स्वतःच पुनर्कल्पना आहे: सतराव्या शतकात उद्ध्वस्त झालेला, १८५७ पासून व्हियोले-ल-द्युक याने तिसऱ्या नेपोलियनसाठी आपल्या कल्पनेने पुन्हा उभा केलेला.

राहिला ‘मुलांसाठी गुळगुळीत केले’ हा मुद्दा. मॅलरीत एक भयंकर प्रसंग आहे. मे महिन्याच्या पहिल्या दिवशी जन्मलेला मुलगा आर्थरचा नाश करील, असे मर्लिन सांगतो, आणि आर्थर त्या दिवशी जन्मलेली सरदारांची बाळे गलबतात घालून समुद्रात सोडायला लावतो. गलबत फुटते, बाळे बुडतात, मॉर्ड्रेड तेवढा वाचतो. कुटुंबासाठीच्या मालिकेत हे जसेच्या तसे दाखवता येणार नव्हते. पण पहिल्याच पर्वात युथरच्या माणसांपासून लपलेला एक मुलगा येतो, आणि ड्रॅगन मर्लिनला बजावतो की हा जगला तर आर्थर मरेल. त्याला मदत करू नकोस. मुलगा मदतीसाठी हाक मारत असतो आणि मर्लिन काही काळ ती ऐकून न ऐकल्यासारखे करतो. मग राहवत नाही आणि तो धावतो. आर्थर स्वतः त्या मुलाला कॅमलॉटबाहेर सुखरूप पोहोचवतो. मुलाचे नाव शेवटी कळते: मॉर्ड्रेड. भविष्यवाणीच्या भीतीने निष्पाप जीव मारावा का, हा मॅलरीतला प्रश्न इथे पुरताच विचारला आहे. फरक एवढाच की इथला आर्थर आपल्या मारेकऱ्याला दयेपोटी वाचवतो, आणि ती दया पाचव्या पर्वात त्याच्या जिवावर येते. याला गुळगुळीत म्हणणाऱ्याने मालिका पाहिलेली नाही.

मालिकेने स्वतःचे म्हणून जे केले, ते असे. सर्वज्ञ म्हाताऱ्या मर्लिनची अडचण प्रत्येक कथाकाराला झाली आहे. ज्याला सगळे ठाऊक आहे आणि सगळे जमते, तो कथेत असताना कोणतेही संकट खरे वाटत नाही. म्हणूनच जेफ्री त्याला लवकर निरोप देतो, आणि मॅलरी कॅक्स्टनच्या एकवीस खंडांपैकी चौथ्याच्या आरंभी त्याला शिळेखाली कोंडून मोकळा होतो. मालिकेने त्याला हाकलले नाही. त्याचे वय कमी केले, ज्ञान अर्धवट ठेवले आणि जादूला देहदंडाची भीती जोडली. तो जिंकतो, पण श्रेय घेऊ शकत नाही. ज्याच्यासाठी सगळे करतो त्याच्याशीच रोज खोटे बोलतो. यामुळे मर्लिन पहिल्या भागापासून शेवटच्या भागापर्यंत कथेच्या केंद्रस्थानी राहू शकला. दगडातल्या तलवारीचा प्रसंगही याच दृष्टीने रचला आहे. ती तलवार मर्लिननेच दगडात रोवलेली असते. राज्य गमावलेल्या आर्थरचा धीर खचतो तेव्हा मर्लिन तिच्याभोवती एक प्राचीन आख्यायिका रचून सांगतो आणि आर्थर तलवार उपसतो. दंतकथा गरजेपोटी कशी जन्मते, हे मालिकेने मुलांना समजेल अशा एका प्रसंगात दाखवले.

तिच्यात दोष आहेत, आणि ते आक्षेपकाने दाखवले त्यापेक्षा वेगळ्या जागी आहेत. मॉर्गाना ही राजाच्या छायेत वाढलेली, स्वतःत जादू उमटते आहे हे कळून घाबरलेली मुलगी. पहिल्या दोन पर्वांत केटी मॅकग्राने तिची घुसमट छान उभी केली आहे. दुसऱ्या पर्वाच्या शेवटाकडे मर्लिन तिला विष देतो, आणि तिसरे पर्व उघडते तेव्हा एक वर्ष लोटून ती पुरती खलनायिका झालेली असते. मालिकेतले सर्वांत महत्त्वाचे स्थित्यंतर प्रेक्षकाच्या नजरेआड उरकले गेले. लॅन्सलॉटचेही तसेच. चौथ्या पर्वात मेलेला लॅन्सलॉट मॉर्गानाच्या जादूने परत येतो, आणि ग्विनेव्हिअर त्याच्याकडे ओढली जाते ती मंतरलेल्या कंकणामुळे. क्रेतिएँच्या काव्यात राणी आपल्या इच्छेने प्रेम करते. कंकणाने तिची ती इच्छाच काढून घेतली, आणि आर्थरने दिलेल्या हद्दपारीच्या शिक्षेतला अर्थही तिच्याबरोबर गेला. आठवीनववीतल्या मुलांना दोन माणसांवर एकाच वेळी जीव जडू शकतो हे कळते. या मालिकेच्या लेखकांनी तेवढा भरवसा त्यांच्यावर टाकायला हवा होता.