केकात भेदरं!

भेदऱ्याची चटणी आपल्याला ठाऊक आहे, भेदऱ्याचं सारही ठाऊक आहे. पण भेदऱ्याचा केक? ‘काहीतरीच काय बाई!’ असंच कुणीही म्हणेल. टोमॅटो म्हणजे भाजीत, वरणात, फार तर कोशिंबिरीत घालायची वस्तू. ती केकात कशाला? पण मैत्रिणींनो, हा केक नव्वद-शंभर वर्षांपासून जगात केला जातोय, आवडीनं खाल्ला जातोय. त्यात अंडं नाही. लोण्याऐवजी तेल घातलं की दुधाचाही थेंब नाही. म्हणूनच आज त्याच्याविषयी लिहावंसं वाटलं.

१९२९ साली अमेरिकेत शेअर बाजार कोसळला. पुढची दहा वर्षं तिथल्या घरांनी फार हलाखीत काढली. कामं गेली, पगार गेले. अंडी, लोणी, दूध जपून वापरायची वेळ आली. पण घरात लेकरं होती, त्यांचे वाढदिवस होते, सणवार होते. अशा वेळी तिथल्या बायकांनी फळीवरचा टोमॅटो सूपचा स्वस्त डबा उघडला आणि तो केकच्या पिठात ओतला! सोबत दालचिनी, लवंग, जायफळ आणि मूठभर बेदाणे. केक फुलला, रंगही छान आला, आणि खाणाऱ्याला टोमॅटोचा पत्ताच लागला नाही. त्याआधी पहिल्या महायुद्धात बेदाणे आणि मसाला पाण्यात उकळून बिनदुधाचा, बिनअंड्याचा, बिनलोण्याचा ‘वॉर केक’ करत असत. हा त्याच घराण्यातला.

पुढे एम. एफ. के. फिशर या लेखिकेनं १९४२ साली टंचाईतल्या स्वयंपाकावर ‘हाउ टु कुक अ वुल्फ’ हे पुस्तक लिहिलं, त्यात हा केक आहे. १९६० मध्ये कॅम्पबेल कंपनीनं त्याची कृती आपल्या सूपच्या डब्यावरच छापली. लेखिकेचं नाव राहिलं, कंपनीचंही राहिलं. पण अडचणीत डोकं चालवून ज्या बाईनं पहिल्यांदा हा केक केला, तिचं नाव कुणाला माहीत नाही. बायकांच्या हुशारीचं बहुतेक वेळा असंच होतं, नाही का? घर निभावून नेलं तर ‘त्यात काय विशेष?’ आणि मीठ जास्त पडलं तर मात्र घरभर चर्चा!

दूध, तूप, अंडी काहीही न वापरता केलेल्या खाण्याला हल्ली ‘व्हीगन’ म्हणतात. हा शब्द इंग्लंडमध्ये १९४४ साली निघाला. मोठ्या शहरांत या नावाखाली केकचा एक तुकडा भल्या किमतीला विकतात. म्हणजे गरिबीनं शिकवलेली गोष्ट आता फॅशन म्हणून परत आली आहे! आपण नावाला भुलायचं कारण नाही, तसंच नाक मुरडायचंही कारण नाही. कारण यातलं आपल्याला परकं असं काय आहे? कोहळ्याचे बोंडं आपण करतोच. कोहळं, गूळ, कणीक की झालं गोड. गाजराचा हलवा, दुधीचा हलवा सगळ्यांच्या घरी होतो. कोकणात तर काकडी, गूळ आणि तांदळाच्या रव्याचं धोंडस करतात, वर-खाली निखारे ठेवून भाजतात. तो काकडीचा केकच की! आणि भट्टी नाही म्हणून अडून बसायचं असतं, तर गोवऱ्यांच्या आरात रोडगे आणि पानगे भाजणाऱ्या आपल्या आज्यांनी काय केलं असतं?

आता मुद्द्याचं. आपल्या जिल्ह्यात खामगाव असो, चिखली असो की मेहकर, वाढदिवसाला केक आता घरोघरी आला आहे. लेकरू टोपी घालून सुरी धरतं, टाळ्या वाजतात, फोटो निघतात. आणि घरातली आजी? ती लांब खुर्चीवर बसून कौतुकानं बघत असते. ‘आजी, घे ना!’ म्हणून नातू तुकडा पुढे करतो आणि आजी हसून म्हणते, ‘तू खा रे बाप्पा, मला नाही चालत.’ कुणी शेगावच्या महाराजांचं करणारी, कुणी माळकरी. अंडं आहे की नाही याची खात्री नसलेला केक ती तोंडाला लावणार नाही. दुकानदार ‘एगलेस आहे’ म्हणतो. पण त्याच भांड्यात आधी काय फेटलं होतं, हे तिला कोण सांगणार? ज्या नातवासाठी तिनं नवस बोलला, त्याच्याच केकात तिचा वाटा नाही. ही गोष्ट छोटी वाटते, पण छोटी नाही. ज्या लेकराला दूध सोसत नाही, त्याचंही असंच. सगळ्यांच्या तोंडात घास जावा, असा केक घरात करता येत असेल, तर तो का करू नये?

केला तर कसा? वाटी एकच ठरवा आणि सगळं तिनंच मोजा. साधारण अर्धा किलो पिकलेले लाल टोमॅटो उकळून सोला, मिक्सरमधून काढा, गाळा आणि आटवा. सव्वा वाटी दाटसर रस हवा. तो कोमट असताना त्यात एक वाटी चिरलेला गूळ किंवा साखर विरघळवा आणि पूर्ण गार होऊ द्या. मग पाऊण वाटीपेक्षा थोडं कमी असं अर्धी वाटी तेल घ्यायचा मोह होईल. पण पाव वाटीहून थोडंसंच जास्त पुरतं. तेल सोयाबीनचं किंवा सूर्यफुलाचं, म्हणजे वास येत नाही. एक वाटी मैदा आणि एक वाटी कणीक, एक लहान चमचा खायचा सोडा, एक लहान चमचा दालचिनीची पूड, पाव चमचा लवंगेची पूड, तेवढंच जायफळ आणि चिमूट मीठ हे सगळं दोनदा चाळा. रसात तेल मिसळा, मग चाळलेलं पीठ घालून हलक्या हातानं कालवा. फार फेटू नका, केक चिवट होतो. घट्ट वाटलं तर दोन-चार चमचे पाणी. शेवटी बेदाणे आणि अक्रोड. अक्रोड महाग वाटले तर भाजलेल्या शेंगदाण्याचा भरडा घाला, तोही झकास लागतो.

पीठ कालवलं की थांबायचं नाही, लगेच तेल लावलेल्या डब्यात ओतून भाजायला ठेवायचं. का, ते समजून घ्या. टोमॅटोतला आंबटपणा आणि सोडा एकत्र आले की वायूचे बुडबुडे तयार होतात. एरवी अंड्यानं जो फुलवा येतो, त्यातलं बरंचसं काम हे बुडबुडे करतात. पीठ तासभर ठेवलं तर बुडबुडे निघून जातात आणि केक दडस होतो. रस गरम असताना सोडा पडला तरी तेच. सोडा जास्त झाला तर साबणासारखी चव लागते. टोमॅटोच्या गरामुळे केक ओलसर, मऊ राहतो आणि मसाल्यानं त्याचा वास झाकला जातो. बाटलीतला सॉस मात्र यात घालू नका. त्यात बहुधा कांदा, लसूण, व्हिनेगर असतं. आणि रस कल्हई नसलेल्या पितळी भांड्यात ठेवू नका, कळकेल.

ओव्हन नसला तरी अडत नाही. जुनं जाड बुडाचं पातेलं घ्या, तळाशी बोटभर वाळू किंवा जाडं मीठ पसरा, त्यावर स्टँड ठेवा. झाकण लावून दहा मिनिटं मध्यम आचेवर तापवा. मग केकचा डबा आत ठेवून आच मंद करा. पाऊण तासानं विणकामाची सुई मधोमध खुपसून बघा. कोरडी निघाली की झालं. नाही तर आणखी दहा-पंधरा मिनिटं. पूर्ण गार झाल्यावरच काढा. दुसऱ्या दिवशी मसाला मुरतो आणि चव आणखी खुलते.

आता थोडं सावधही करते. ‘व्हीगन’ म्हणजे पथ्याचं, असं समजू नका. साखर साखरच आणि मैदा मैदाच. गूळ घातला म्हणून मधुमेहाच्या माणसानं दोन तुकडे जास्त खावेत, असं अजिबात नाही. आणि एकादशीलाही हा चालायचा नाही बरं का, नाही तर कुणी म्हणायचं, ‘पेपरात आलं होतं!’

हा केक करायची खरी वेळ म्हणजे बाजारात टोमॅटो उतरतो तेव्हा. त्याचा भाव कसा वरखाली होतो, हे आपण २०२३ मध्ये पाहिलंच. जुलैत किलोनं शंभरी ओलांडली, आणि त्याच वर्षी नाशिककडच्या शेतकऱ्यांनी भाव पडला म्हणून टोमॅटो रस्त्यावर ओतले. वावरात माल सडतो आणि शहरात परवडत नाही, हे दुखणं एका केकनं बरं होणार नाही, हे कबूल. पण आठवडी बाजारात संध्याकाळी उरलेले मऊ टोमॅटो स्वस्तात मिळतात, ते आणून रस आटवून ठेवणं आपल्या हातात आहे. बचत गटाच्या बायकांनीही याचा विचार करावा. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला, वाढदिवसाला, ‘बिनअंड्याचा, बिनदुधाचा’ असं खात्रीनं सांगून विकता येईल असा हा पदार्थ आहे. मात्र विकायचा तर अन्नसुरक्षा कायद्याखालची नोंदणी आधी करून घ्या, आणि सांगाल ते खरंच असू द्या. विश्वासावरच गिऱ्हाईक टिकतं.

कमलाबाई ओगल्यांचं ‘रुचिरा’ १९७० साली आलं आणि वाटी-चमच्याच्या मापानं कितीतरी जणींना स्वयंपाक सोपा झाला. कारण कुणीतरी ते नीट लिहून ठेवलं. आपल्या सासूबाईंचे रोडगे, आईचे कोहळ्याचे बोंडं, मावशीचं तिळाचं काहीतरी, हे कुठे लिहिलेलं आहे? त्या अमेरिकन बाईसारखं त्यांचंही नाव हरवू द्यायचं का? दहा रुपयांची वही आणा. कृती लिहा, माप लिहा आणि शेजारी ज्या बाईकडून शिकलात तिचं नाव लिहा. आणि या रविवारी भेदऱ्याचा केक कराल, तेव्हा पहिला तुकडा आजीला द्या. टोमॅटोचं गुपित मात्र तिनं खाल्ल्यावरच सांगा!