कोयत्याशिवाय बीड कसं दाखवणार?

बीड जिल्ह्यात माजलगाव तालुक्यातल्या दिंद्रुड परिसरावर दहा मिनिटांचा गौरवपट करायचा तर त्यात काय येईल, हे इथलं कुणीही सांगेल. माजलगाव धरणाचं पाणी, अधिकमासात पुरुषोत्तमपुरीला लोटणारी गर्दी, धारूरचा किल्ला, पावसाळ्यात हिरवा झालेला बालाघाट. यातलं काहीच खोटं नाही. पण दिवाळीच्या आगेमागे उचल म्हणजे आगाऊ रक्कम घेतलेली जोडपी पोराबाळांसह पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात ऊसतोडीला निघतात, मुकादमाच्या हिशेबात नवराबायको मिळून एक कोयता ठरतात. ती या पटात नसतील तर तो बीडचा पट नव्हे, असं माझं ठाम मत आहे. ज्या गावांतली निम्मी घरं हिवाळाभर कुलूपबंद असतात, तिथली संस्कृती त्या माणसांना वगळून दाखवताच येत नाही.

यावर इथलीच माणसं म्हणतील, बीड म्हटलं की दुष्काळ आणि ऊसतोड एवढंच दाखवतात, निदान गौरवपटात तरी ते नको. हे दुखणं खरं आहे. बाहेरगावी शिकायला गेलेल्या पोरांना ही एकच ओळख जड जाते. मात्र लपवल्याने ती पुसली जात नाही. असं लपवणं सिनेमात याआधीही झालं आहे. सत्यजित राय यांनी सिक्कीमच्या राजाच्या सांगण्यावरून 1971 साली ‘सिक्कीम’ हा माहितीपट केला. राजवाड्याजवळ उरल्यासुरल्या अन्नासाठी धडपडणाऱ्या गरिबांचं दृश्य राजघराण्याला खटकलं आणि कात्री लागली. पुढे 1975 मध्ये सिक्कीम भारतात आलं, या पटावर बंदी आली, ती 2010 साली उठली. खर्च करणाऱ्याच्या मर्जीने देश रंगवला की काय गळतं, ते इथे दिसतं. याउलट दिग्दर्शक एस. सुखदेव यांचा ‘इंडिया 67’ पाहा. सरकारच्याच फिल्म्स डिव्हिजनने काढलेला हा पट निवेदनाविना, शेत, यंत्रं, रस्ते आणि देवळं शेजारी शेजारी ठेवून देश दाखवतो. त्यातली कष्टकरी माणसं कुणाच्या दयेसाठी उभी केलेली नाहीत, म्हणून गरिबी दिसूनही देशाची मान खाली जात नाही.

तेव्हा जिल्ह्यावर पट करणाऱ्यांनी श्रावणातली हिरवळ टिपून परतू नये. दिवाळीनंतर पुन्हा यावं, ऊसतोडीच्या टोळ्या गाड्यांत बसताना चित्रीकरण करावं, उसाच्या फडावर जाऊन त्या बायामाणसांना त्यांच्याच बोलीत बोलू द्यावं आणि तयार झालेला पट मुंबईच्या आधी त्यांच्या गावात दाखवावा.