डोके ठिकाणावर असलेला गृहस्थ

वय ३५, पदरी दोन मुले, आणि हाती घेतलेला एकही धंदा धड न चाललेला! शिकागोच्या एडगर राइस बरोजची १९११ सालची ही स्थिती. घोडदळात शिपाईगिरी झाली, गुरे राखून झाली, रेल्वेतली पोलिसगिरी झाली. बायकोचे दागिनेही गहाण टाकून झाले. आता पेन्सिलींना टोक काढायची यंत्रे विकायला माणसे पाठवायची आणि ती परत येईपर्यंत रिकामे बसायचे. त्या रिकामपणात बुडीत धंद्यांच्या उरलेल्या कागदांच्या पाठीवर त्याने मंगळावरची एक गोष्ट खरडली.

पण लोक हसतील त्याचे काय? म्हणून टोपणनाव घेतले ‘नॉर्मल बीन’. म्हणजे, ‘आमचे डोके ठिकाणावर आहे बरे का!’ ‘ऑल-स्टोरी’ या हलक्या कागदावरच्या स्वस्त मासिकाने ४०० डॉलर देऊन १९१२ मध्ये गोष्ट छापली. छापताना ‘नॉर्मल’चे झाले ‘नॉर्मन’, आणि त्यातली गंमतच गेली.

त्याच वर्षी ऑक्टोबरात ‘टारझन’ अवतरला. या खेपेस मात्र बरोजने स्वतःचेच नाव घातले. अनेक प्रकाशकांनी नाकारलेले ते पुस्तक १९१४ मध्ये निघाले, आणि आफ्रिका कधी न पाहिलेल्या या गृहस्थाने जगाला आफ्रिकेचे जंगल दाखवले! पुढे कॅलिफोर्नियात त्याने घेतलेल्या जमिनीवर गाव वसले, तेही ‘टारझाना’ नावाचे.

कागदाच्या पाठीवर खरडणारे सगळेच काही बरोज होत नाहीत. तरी घरात असे कुणी दिसले, तर मंडळी, हसण्यापूर्वी जरा थांबा!