भागभांडवल चालतं, आमची पोरं का चालत नाहीत?



जमिनीच्या लढ्याच्या पत्रिकेत बँकेच्या नोकरीचं काय काम, असं काही जण विचारतील. तर ऐका. सोसायटीतून पीककर्ज उचलताना शेअरची रक्कम आपल्याच कर्जातून कापतात. त्या शेअरवर सोसायटी उभी, सोसायट्यांच्या शेअरवर जिल्हा बँक उभी. वर सरकारचं भागभांडवल. मग काउंटरच्या आत आपला माणूस का दिसत नाही?

विचारलं की ठरलेलं उत्तर येतं, "आम्ही सरकारी नाही, सहकारी आहोत. आरक्षण आम्हाला लागू नाही." वर सर्वोच्च न्यायालयाचा २००६ चा निकाल दाखवतात. हिमाचलमधली कांग्रा मध्यवर्ती सहकारी बँक घटनेच्या अर्थाने 'राज्य' नाही, असं त्यात म्हटलंय. असेल. पण तिथे प्रश्न होता तो अशा बँकेविरुद्ध रिट चालतं का, हा. आमचा प्रश्न वेगळा आहे. महाराष्ट्राचा २००१ चा आरक्षण कायदा २९ जानेवारी २००४ पासून लागू आहे. ज्या सहकारी संस्थेत सरकारचं भागभांडवल आहे, ती संस्था त्या कायद्यातल्या 'आस्थापना' या शब्दात स्पष्ट येते. अनुसूचित जमातींना ७ टक्के जागा. सरळसेवेची राखीव जागा भरली नाही तर ती पाच वर्षांपर्यंत पुढे ओढायची. जाणूनबुजून कायदा मोडणाऱ्या अधिकाऱ्याला ९० दिवसांपर्यंत कैदेची तरतूद. एक निकाल पुढे करून दुसरा कायदा झाकायचा, हा धंदा आता बंद करा.

दुसरी चोरी याहून मोठी. जागा कागदावर भरलेली असते, पण बसलेला माणूस आदिवासी नसतो. खोट्या दाखल्यावर मिळवलेली नोकरी कितीही वर्षं झाली तरी टिकत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने ६ जुलै २०१७ रोजी सांगितलं. मग सरकारने काय केलं? सरकारी नोकरीतल्या अशा लोकांसाठी २१ डिसेंबर २०१९ ला निर्णय काढून 'अधिसंख्य' पदं तयार केली. म्हणजे चोर सापडला, तर त्याला बसायला वेगळी खुर्ची दिली!

आणि खऱ्या आदिवासीचं काय? त्याला सांगतात, ६ सप्टेंबर १९५० च्या आधीचा कागद आणा. तेव्हा वनगावात शाळा कुठे होती? दप्तर होतं ते वनखात्याचं. खोट्याकडे कागद तयार, खऱ्याच्या हातात फक्त नांगर. २४ मार्च २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की नुसत्या चालीरीती, देवधर्म विचारून जमात ठरवता येणार नाही, जुन्या कागदाला जास्त वजन द्यावं लागेल. म्हणून जुना कागद आता घरातल्या बियाण्यासारखा जपा.

पुण्यात सेंट्रल बिल्डिंगमध्ये सहकार आयुक्त बसतात. क्वीन्स गार्डनला आदिवासी संशोधन व प्रशिक्षण संस्था आहे. दोन्ही जागा स्टेशनच्या जवळपास. एकीकडे आपल्या पैशांचा कारभार, दुसरीकडे आपल्या जमातीचा. या दोन कचेऱ्यांनी एकमेकींना विचारलं पाहिजे की राखीव जागांवर बसलेल्या किती जणांचे दाखले तपासलेत. त्या विचारत नसतील तर घोडेगाव-जुन्नरहून एसटी धरून आपण जाऊन विचारू.

प्रत्येक ग्रामसभेने तीन कामं करायची. एक, बँकेत सरकारचं भागभांडवल किती, बिंदुनामावलीत आपल्या जागा किती, रिकाम्या किती, हे माहिती अधिकारात मागायचं. बँक म्हणेल, हा कायदा आम्हाला लागू नाही. म्हणून अर्ज बँकेला न करता निबंधकाला करायचा, कारण बँकेकडून कायद्याने मागवता येणारी माहिती त्याला द्यावी लागते. दोन, आज्या-पणज्याची जन्म-मृत्यू नोंद, फेरफार, वनखात्याची जुनी पावती, जे सापडेल ते गोळा करून गावच्या वहीत नोंदवायचं. तीन, शिकलेल्या पोरापोरींनी जाहिरात येण्याची वाट बघू नये, पडताळणीचा अर्ज आधीच तयार ठेवावा.

गेलेली जमीन परत मिळावी म्हणून १९७४ चा कायदा झाला, पण मागितल्याशिवाय एक गुंठाही कुणी परत दिला नाही. नोकरीचंही तसंच आहे.

सातबाऱ्यावरचं खोटं नाव खोडायला आपण शिकलो. हजेरीपटावरचंही खोडू!