सुट्टीची मजुरी कोणी द्यायची?

वर्ष सरत आले की राज्य सरकार पुढच्या वर्षीच्या सार्वजनिक सुट्ट्यांची यादी जाहीर करते. मग कोणती सुट्टी शनिवार-रविवारला जोडून आली आणि कोणती रविवारीच पडून हातची गेली, याची चर्चा घराघरांत आणि वर्तमानपत्रांतही रंगते. गावी जायचे बेत ठरतात, गाड्यांची आरक्षणे होतात. त्यात गैर काहीच नाही. पण याच राज्यातले लाखो स्त्री-पुरुष ही यादी नेमकी उलटी वाचतात. सण रविवारी आला तर त्यांना हायसे वाटते. त्या दिवशी तसेही काम नसते, तेव्हा आणखी एक रोज बुडायचा वाचतो. हातावर पोट असलेल्या माणसाला सरकारने जाहीर केलेली प्रत्येक सुट्टी स्वतःच्या खिशातून भरावी लागते. या विषयावर आम्हाला जे म्हणायचे आहे ते इतकेच आहे आणि ते पुरेसे गंभीर आहे.

बँकेची एखादी शाखा घ्या. 2 ऑक्टोबरला तिचे शटर खाली असते. आतले कायम कर्मचारी घरी असतात आणि त्यांचा पगार पूर्ण असतो; तो त्यांचा हक्कच आहे. एटीएमच्या दाराशी एजन्सीने नेमलेला सुरक्षा रक्षक मात्र बारा तासांच्या पाळीवर उभा असतो आणि मस्टरवर त्याची रोजच्यासारखी एकच हजेरी लागते. सकाळी फरशी पुसायला आणि दुपारी चहाचे कप विसळायला येणाऱ्या बाईंना आदल्या संध्याकाळीच निरोप मिळालेला असतो: उद्या बंद आहे, येऊ नका. त्यांच्या नावापुढे खाडा पडतो. एकाच छताखाली, एकाच राष्ट्रीय सुट्टीला एकाला भरपगारी विश्रांती मिळते, दुसऱ्याला विश्रांतीच नाही आणि तिसरीला विश्रांती आहे पण मजुरी नाही.

या बाईंचा रोज 600 रुपये धरला तर 26 दिवसांचे 15,600 होतात. दसरा-दिवाळीच्या महिन्यात चार दिवस शाखा बंद राहिली तर हातात 13,200 येतात. तेल, साखर, मुलांचे कपडे, गावचे एसटीचे भाडे हा सगळा जादा खर्च नेमका त्याच महिन्यात असतो. मग उचल घ्यावी लागते आणि ती फेडता फेडता संक्रांत येते.

हे असे का होते? सार्वजनिक सुट्टी जाहीर होते ती 1881 च्या परक्राम्य संलेख अधिनियमाच्या कलम 25 खाली. हा कायदा हुंड्या, धनादेश आणि वचनचिठ्ठ्यांचा आहे. व्यवहार कोणत्या दिवशी थांबतील एवढेच तो सांगतो, आणि त्या आधारावर सरकारी कार्यालये आणि बँका बंद राहतात. मजुरीशी त्याचा काही संबंध नाही. त्याच 1881 साली देशातला पहिला कारखाना कायदा झाला. त्याने सात ते बारा वर्षांच्या मुलांना महिन्याला चार सुट्ट्या दिल्या आणि मोठ्यांना एकही दिली नाही.

मोठ्यांची सुट्टी मुंबईत भांडून मिळवावी लागली. ‘दीनबंधू’चे संपादक नारायण मेघाजी लोखंडे यांनी 1884 मध्ये गिरणी कामगारांच्या सभा घेतल्या, मागणीपत्रावर सह्या गोळा केल्या. एप्रिल 1890 मध्ये महालक्ष्मीच्या मैदानावर सुमारे दहा हजार कामगार जमले, त्या सभेत दोन स्त्रियाही बोलल्या आणि 10 जून 1890 रोजी गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. हा इतिहास शाळेतल्या मुलांनाही सांगितला जातो. सांगायचा राहतो तो त्या मागणीपत्राचा उरलेला भाग. महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या 15 तारखेच्या आत हातात पडावा आणि कामावर जखमी झालेल्याला बरा होईपर्यंत पगार मिळावा, याही मागण्या रविवारच्या सुट्टीबरोबर एकाच कागदावर होत्या. विश्रांती आणि मजुरी एकमेकींपासून तोडली तर विश्रांतीची उपासमार होते, हे ‘दीनबंधू’च्या त्या संपादकाला सव्वाशेहून अधिक वर्षांपूर्वी कळले होते.

कायदे अगदीच नाहीत असे नाही. केरळ आणि तमिळनाडूने 1958 मध्ये, कर्नाटकाने 1963 मध्ये राष्ट्रीय आणि सणांच्या सुट्ट्यांसाठी स्वतंत्र कायदे केले. त्या दिवशी कामावर बोलावले तर दुप्पट मजुरी, किंवा मजुरी आणि भरपगारी बदली सुट्टी, असा त्यांचा साधा नियम आहे. महाराष्ट्रात कारखान्यांच्या बाबतीत बरेचसे काम युनियनच्या करारांवर सोपवलेले राहिले. युनियन भक्कम होती तोवर ते चालले. गिरण्या गेल्या, कंत्राटी भरती वाढली आणि करार करायला टेबलाच्या पलीकडे कोणी उरले नाही.

दुकाने, हॉटेले आणि कार्यालयांसाठी आपल्याकडे 2017 चा दुकाने व आस्थापना कायदा आहे आणि तो चांगला आहे. 26 जानेवारी, 1 मे, 15 ऑगस्ट, 2 ऑक्टोबर या चार आणि मालक-कामगारांनी मिळून ठरवलेल्या आणखी चार, अशा वर्षाला आठ भरपगारी सुट्ट्या त्यात आहेत. शेवटच्या चार कोणत्या हे वर्ष सुरू होण्याआधी ठरवायचे असते. म्हणजे हा तोच हंगाम. आपल्या दुकानात अशी बैठक कधी झाली, असे लक्ष्मी रोडवरच्या किंवा दादरच्या एखाद्या सेल्समनला विचारून पाहावे. अशी तरतूद आहे हेच बहुतेकांना ठाऊक नसते.

शिवाय 1948 च्या जुन्या कायद्यात नसलेली एक अट या कायद्याने आणली: आस्थापनेत दहा किंवा अधिक कामगार हवेत. सप्टेंबर 2025 मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ही मर्यादा वीसपर्यंत नेण्याचा आणि रोजचे काम नऊ तासांवरून दहा तासांपर्यंत वाढवू देण्याचा निर्णय घेतला. व्यवसाय सुलभ व्हावा हा त्यामागचा हेतू. पण दहा, बारा, पंधरा माणसांच्या दुकानात गल्ल्यावर किंवा गोदामात उभ्या असलेल्या माणसाची 15 ऑगस्टची मजुरी या एका आकड्याच्या बदलाने कायद्याच्या आसऱ्याबाहेर जाते. उद्योग वाढावेत ही आमचीही इच्छा आहे. त्याची किंमत सर्वांत कमी कमावणाऱ्याच्या आठ दिवसांतून वसूल होऊ नये.

21 नोव्हेंबर 2025 पासून चार श्रमसंहिता लागू झाल्या आणि 29 केंद्रीय कायदे त्यांत सामावले गेले. भरपगारी रजेसाठी पूर्वी वर्षात 240 दिवस भरावे लागत, ते आता 180 झाले. ही सुधारणा स्वागतार्ह आहे. पण सकाळी सातला मजूर नाक्यावर उभा राहून रोज वेगळ्या मालकाकडे जाणाऱ्याचे 180 दिवस कोणाच्या वहीत भरणार?

अचानक जाहीर होणाऱ्या सुट्ट्यांचा विचार तर कोणी करतच नाही. लता मंगेशकर यांच्या निधनानंतर 7 फेब्रुवारी 2022 ला राज्यात सार्वजनिक सुट्टी होती. अयोध्येतील प्राणप्रतिष्ठेसाठी 22 जानेवारी 2024 ला होती. 2023 मध्ये अनंत चतुर्दशी आणि ईद एकाच दिवशी आल्याने ईदची सुट्टी 28 वरून 29 सप्टेंबरला हलवली गेली. मुस्लिम समाजानेच समजूतदारपणे मिरवणूक पुढे ढकलली होती, त्यामुळे तो निर्णय योग्यही होता. प्रत्येक सुट्टीमागची भावना आम्ही मानतो. पण ऐन वेळी कार्यालय बंद झाले की तिथल्या कंत्राटी सफाईवालीचा रोज जातो. दुय्यम निबंधकाच्या दाराबाहेर टायपिंग करणाऱ्याचा आणि उपाहारगृहातल्या पोऱ्याचा जातो. बाजार समितीचे व्यवहार थांबले की हमाल बसून राहतो. शोक किंवा आनंद साऱ्या राज्याचा असतो, मग त्याचा भुर्दंड एवढ्याच लोकांनी का सोसायचा? सुट्टीच्या आदेशात कार्यालये बंद राहतील हे लिहिलेले असते. त्या दिवशी रोजंदारीवरच्या माणसाच्या मजुरीचे काय, याबद्दल अक्षर नसते.

ते लिहिता येते. देशाने ते एकदा लिहिलेलेही आहे. 1951 च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यात 1996 मध्ये कलम 135-ब घालण्यात आले. मतदानाच्या दिवशी प्रत्येक मतदार कामगाराला भरपगारी सुट्टी मिळेल, एरवी ज्याला अशा दिवसाची मजुरी मिळाली नसती त्यालाही ती मिळेल आणि पगार कापणाऱ्या मालकाला दंड होईल, असे ते कलम सांगते. दंड पाचशे रुपयांपर्यंतच आहे, अंमलबजावणी लंगडी आहे, हे खरे. तरीही तत्त्व म्हणून संसदेने मान्य केले आहे की राष्ट्राच्या कामासाठी मजूर घरी राहिला तर त्याचा रोज बुडता कामा नये. मतदानाच्या दिवशी जे न्याय्य आहे ते प्रजासत्ताक दिनी अन्याय्य कसे ठरेल?

‘मालक रोज बदलतो, मग पैसे कोणाकडून घ्यायचे?’ हा प्रश्न रास्त आहे आणि त्याचे उत्तर महाराष्ट्रानेच शोधलेले आहे. अण्णासाहेब पाटील यांच्या नेतृत्वाखालच्या माथाडींच्या लढ्यातून 1969 चा माथाडी, हमाल कायदा झाला. पुण्यात बाबा आढाव यांच्या हमाल पंचायतीनेही याच हक्कांसाठी रान उठवले होते. माथाडीचा मालक एक नसतो. आज या गाळ्यावर पोती, उद्या त्या गाळ्यावर. म्हणून कायद्याने मंडळ स्थापले. व्यापाऱ्याने मजुरी मंडळात भरायची आणि तिच्यावर ठरावीक टक्के लेव्ही. त्या लेव्हीतून भविष्य निर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, बोनस आणि रजेचा, सुट्टीचा पगार. पाठीवर पोते वाहणाऱ्या माणसाला सुट्टीच्या दिवसाचे पैसे मिळू शकतात, हे या राज्याने करून दाखवले. पुढे 1981 मध्ये खासगी सुरक्षा रक्षकांसाठीही तसेच मंडळ झाले. या मंडळांत आज गैरप्रकार आहेत, बोगस नोंदी आहेत, माथाडीच्या नावाने खंडणी मागणारेही आहेत. त्यांना आवरलेच पाहिजे. पण त्यापायी कल्पनाच मोडीत काढणे मूर्खपणाचे होईल.

आणि बोजा तरी किती? महिन्याचे 26 धरले तर वर्षात कामाचे 312 दिवस होतात. त्यातल्या आठ दिवसांची भरपाई म्हणजे मजुरीच्या जेमतेम अडीच टक्के. 600 रुपये रोजावर दिवसाला सुमारे 15 रुपये. एखाद्या इमारतीच्या, रस्त्याच्या, साफसफाईच्या कंत्राटात ही रक्कम दिसणारही नाही. सरकारी निविदांत तर ती पहिल्याच दिवशी धरता येईल, कारण कायम कामगाराचेच काम करणाऱ्या कंत्राटी कामगाराला सुट्ट्याही त्याच्याइतक्याच द्याव्यात, ही अट 1971 च्या कंत्राटी कामगार नियमांपासूनची आहे. महापालिकांनी ती किती पाळली, हे गणपती विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी पहाटे चौपाटी झाडणाऱ्यांना विचारावे.

ऊसतोडीच्या फडात तर सुट्टीचा उलटा हिशोब आहे. तिथे खाडा केला की रोज बुडतोच, वर मुकादम पाचशे रुपयांपर्यंत दंड उचलीत धरतो. 2019 मध्ये बीड जिल्ह्यातल्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांचे प्रकरण गाजले आणि चौकशीसाठी नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमावी लागली, तेव्हा हे साऱ्या राज्यासमोर आले. पाळीचे दिवस खाड्यात जाऊ नयेत, दुखण्याने काम बुडू नये, म्हणून बायका गर्भाशय काढून टाकत होत्या. अंगावर काटा आणणारी ही गोष्ट अपवाद म्हणून बाजूला ठेवता येणार नाही. सुट्टीला मजुरी नसली की माणसे शरीराकडून काय काय वसूल करतात, ते तिथे उघडे पडले.

आमच्या वाचकांच्या घरांतही एक मालक बसलेला आहे. सणाला पाहुणे आले की घरकामाच्या ताईंची भांडी दुप्पट होतात, आणि त्यांचा स्वतःचा सण रात्री नऊनंतर सुरू होतो. पुण्यात 1980 मध्ये मोलकरणींनी संप केला, संघटना उभी राहिली, 2008 मध्ये राज्याने घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा केला. भरपगारी सुट्टीची हमी मात्र आजही त्या त्या घराच्या मनावर आहे. वस्तू घरपोच आणून देणाऱ्या तरुणांचे तेच. सुट्टीच्या दिवशी मागणी वाढते, म्हणून त्यांचा दिवस सर्वांत लांब असतो. ते ‘कामगार’ आहेत की ‘भागीदार’, हा वाद चालू असेपर्यंत त्यांची दिवाळी रस्त्यावरच जाणार.

आपल्याकडे सुट्ट्या फार झाल्या, असा आक्षेप नेहमी येतो. मुंबई उच्च न्यायालयानेही जानेवारी 2022 मध्ये दादरा-नगर हवेलीच्या एका याचिकेवर, सार्वजनिक सुट्टी हा कोणाचा मूलभूत हक्क नाही आणि सुट्ट्या वाढवण्याऐवजी कमी करण्याची वेळ आली आहे, असे म्हटले. सरकारी कार्यालयांपुरते ते पटण्यासारखे आहे. 29 फेब्रुवारी 2020 पासून राज्य शासनाचा आठवडा पाच दिवसांचा आहे; त्यावर चोवीसएक सार्वजनिक सुट्ट्या खरोखर हव्यात का, यावर मोकळेपणाने बोलायला हवे. पण ज्याला वर्षभरात एकही भरपगारी दिवस मिळत नाही, त्याला ‘फार सुट्ट्यां’च्या हिशोबात धरता येत नाही. दोन वेगळ्या माणसांची सरासरी काढून दुसऱ्याचे नुकसान झाकले जाते.

राज्य सरकारने येत्या अधिवेशनात तीन गोष्टी कराव्यात. आठ भरपगारी सुट्ट्यांचा हक्क कामगारसंख्येची अट न घालता प्रत्येक मजुराला द्यावा, आणि त्या दिवशी काम घेतले तर दुप्पट मजुरीसह बदली सुट्टी. नाक्यावरच्या, घरकामाच्या आणि फडातल्या कामगारांसाठी माथाडीच्या धर्तीवर अडीच टक्क्यांची लेव्ही लावून तिचा हिशोब मंडळांकडे सोपवावा. आणि यापुढे ऐन वेळी जाहीर होणाऱ्या प्रत्येक सुट्टीच्या आदेशात, शासनाच्या आणि स्थानिक स्वराज्य संस्थांच्या कंत्राटांवरील कामगारांची त्या दिवसाची मजुरी कापली जाणार नाही, असे एक वाक्य असावे. पहिल्या दोन गोष्टींना कायदा करावा लागेल. तिसरीसाठी सामान्य प्रशासन आणि कामगार विभागाचे एक परिपत्रक पुरेल आणि ते 26 जानेवारीच्या आत निघू शकते.