खरेदीखोर

इंग्रजीत ‘इमेशस’ नावाचे एक विशेषण आहे. अर्थ, विकत घेण्याची फार हौस असलेला. बिचारे मोठमोठ्या कोशांच्या माळ्यावर पडून असते. बोलण्यात कुणी आणीत नाही. ‘इमेशिएटेड’ म्हणजे खंगलेला, हा शब्द मात्र चांगला चालतो. दोघांची कुळे वेगळी. पण एक तारखेचा ‘इमेशस’ वीस तारखेला ‘इमेशिएटेड’ होतो, हे सांगायला कोश कशाला हवा?

शब्दाचे मूळ लॅटिन. रोमच्या केटोने इ.स.पू. दुसऱ्या शतकात शेतीवर पुस्तक लिहिले. त्यात घरधन्याला ताकीदच आहे, की विकण्याची आवड ठेव, घेण्याची नको. म्हणजे त्याच्या लेखी हा चक्क दुर्गुण होता. आता त्या जागी ‘शॉपॅहॉलिक’ आला. तो लोक कौतुकाने शर्टावर मिरवतात, आणि तो शर्टही विकतच घेतात! दुर्गुणाचे नाव पुसले की त्याचे लाड सुरू होतात, ही माझी तक्रार.

मराठीही काही कमी नाही. पैशाने फुटणाऱ्याला आपण बेधडक ‘विकाऊ’ म्हणतो. लाच खाणारा लाचखोर, भांडणारा भांडखोर. आणि हप्त्यांवर तिसरा टीव्ही आणणारा? तो म्हणे ‘हौशी’!

छे, त्याला खरेदीखोर म्हणा. दुकानदार म्हणणार नाही. त्याच्या लेखी गिऱ्हाईक म्हणजे देव. तेव्हा घरच्यांनीच म्हणावे, आणि तेही सेल लागण्याआधी. नंतर नुसते हप्तेच मोजायचे असतात.